घरात अंथरुणाला खिळलेलं माणूस: सरकारचा वाटा किती, घरचा किती? सोलापूरकरांचे नेहमीचे प्रश्न

रविवारी सकाळी मी पूर्व भागातल्या एका समाजमंदिराच्या ओट्यावर बसून लोकांचे अर्ज भरून देतो. येणाऱ्यांत विडी वळणाऱ्या बायका जास्त, यंत्रमागावरचे, टॉवेलच्या कारखान्यातले लोक, आणि अधूनमधून मोहोळ-मंगळवेढ्याहून एसटीने आलेलं कुणीतरी. प्रश्न बहुतेक तेच असतात. म्हणून एकदाचे लिहून काढले.

सरकार घरी सांभाळायला बाई पाठवतं का? त्यात आपण किती भरायचे?

नाही पाठवत. तोंड वेंगाडून नव्हे, पण स्पष्ट सांगतो, कारण या एका गैरसमजात लोकांचे महिने जातात. अमुक उत्पन्न असेल तर इतके टक्के तुम्ही भरा, बाकीचे आम्ही, असा घरच्या शुश्रूषेचा एकच एक नियम आपल्याकडे नाही. सरकारचा वाटा तुकड्या-तुकड्यांत येतो: एका खिडकीवर महिन्याचं अनुदान, दुसरीवर काठी-खुर्ची, तिसरीवर दवाखान्याचं बिल. उरलेलं सगळं घरचं.

खरी मेख पुढे आहे. ‘गरीब’ कुणाला म्हणायचं, ते प्रत्येक खिडकीवर वेगळं ठरतं. एका ठिकाणी ‘तुमचं बसत नाही’ म्हणून परत पाठवलं की माणूस घरी जाऊन बसतो. त्याच माणसाचं दुसऱ्या तीन ठिकाणी बसत असतं, आणि हे त्याला कुणी सांगत नाही.

मग महिन्याला रोख किती मिळतं?

वय ६५ किंवा जास्त असेल तर श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तिवेतन योजना. ६५ च्या आतले निराधार, विधवा, परित्यक्ता, दिव्यांग, कर्करोग-क्षयरोगासारखे आजार असलेले, यांच्यासाठी संजय गांधी निराधार अनुदान योजना. दोन्हीत दरमहा १५०० रुपये. दारिद्र्यरेषेखालच्या यादीतल्या म्हाताऱ्या माणसाच्या या १५०० मध्ये केंद्राचा वाटाही धरलेला असतो: ८० वर्षांच्या आत २०० रुपये, ८० नंतर ५००. तो वरचा वेगळा मिळत नाही. ‘केंद्राची पेन्शन वेगळी द्या’ म्हणून तहसीलमध्ये भांडलेले दोघे-तिघे मला माहीत आहेत. भांडण फुकट गेलं.

दिव्यांग लाभार्थ्यांचं अनुदान ऑक्टोबर २०२५ पासून २५०० झालं. श्रावणबाळमधल्या दिव्यांगांनाही ते लागू आहे. हे लक्षात ठेवा, खाली कामाला येईल.

आता अट. कुटुंबाचं वर्षाचं उत्पन्न २१,००० रुपयांच्या आत हवं. महिन्याचं नाही, वर्षाचं. म्हणजे दिवसाला साधारण ५७ रुपये. एवढ्यात अख्खं घर चालतं असं कागदावर दाखवायचं आणि मग १५०० मागायचे. दिव्यांगांसाठी हीच मर्यादा ५०,००० आहे. शिवाय महाराष्ट्रात किमान १५ वर्षं राहिल्याचा पुरावा लागतो. विजयपूर-कलबुर्गीकडून येऊन इथे स्थिरावलेल्या घरांना तो जुन्या रेशनकार्डावरून किंवा मतदारयादीवरून काढावा लागतो.

मुलगा पुण्यात कमावतो. त्याचं उत्पन्न आमच्यात धरतील का?

रेशनकार्ड एक असेल तर प्रश्न येणारच. वेगळं राहत असाल तर तसं आधी कागदावर असू द्या: वेगळं कार्ड, वेगळा पत्ता. तलाठी चौकशीला येतो तेव्हा घरात कोण राहतं, चूल कुणाची, हे बघतो. खोटं उत्पन्न लिहून देऊ नका. पुढे पडताळणीत नाव कापलं जातं आणि घेतलेले पैसे परत मागतात. तेव्हा अर्ज भरून देणारा एजंट सापडत नाही.

उत्पन्नाचा दाखला तहसीलदाराचा, सेतूमधून किंवा ‘आपले सरकार’वरून. बाकी कागद एकदा गोळा केले की राहतात, हा मात्र दरवर्षी नवा काढावा लागतो. आणखी एक दाखला दरवर्षी लागतो: हयातीचा. तो चुकला की अनुदान थांबतं.

आजोबांना पक्षाघात झालाय. ते दिव्यांगांत मोडतात का?

मोडू शकतात, आणि हेच लोकांच्या डोक्यात येत नाही. ‘दिव्यांग’ म्हटलं की जन्मापासूनचं काहीतरी असं वाटतं. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकार आहेत. पक्षाघाताने हातपाय गेले असतील तर ते चलनवलनाचं अपंगत्व. ४० टक्के किंवा जास्त आलं की प्रमाणपत्र, आणि त्यावर यूडीआयडी कार्ड, म्हणजे दिव्यांगांचं ओळखपत्र.

अर्ज ‘स्वावलंबन’ पोर्टलवर भरायचा, मग तपासणीला जायचं. झटका आल्याआल्या जाऊ नका. उपचार होऊन अवस्था स्थिर झाल्यावरच डॉक्टर टक्के ठरवतात. डिस्चार्ज कार्ड, सीटी स्कॅनचा रिपोर्ट, जुनी औषधांची चिठ्ठी, सगळं एका पिशवीत ठेवा.

७२ वर्षांचे आजोबा, अर्धं अंग गेलेलं. प्रमाणपत्र नसेल तर उत्पन्नाची मर्यादा २१,००० आणि अनुदान १५००. अनुदान सुरू असताना प्रमाणपत्र जोडलं तर २५००. एका कागदाने वर्षाला १२,००० चा फरक पडतो. त्यांना रिक्षात बसवून तपासणीला न्यायचे श्रम आहेत, मान्य. सकाळी लवकर न्या, डायपर घालून न्या, सोबत दोन माणसं आणि एक चादर न्या.

काठी, वॉकर, व्हीलचेअर, कमोडची खुर्ची कुठून मिळेल?

खर्चाची वाटणी म्हणावी असा नियम आपल्याकडे दिसतो तो इथेच. आणि मर्यादाही वर जाते.

मुख्यमंत्री वयोश्री योजना: वय ६५ च्या पुढे, उत्पन्न वर्षाला २ लाखांच्या आत. एकदाच ३००० रुपये खात्यात येतात. त्यातून चष्मा, श्रवणयंत्र, फोल्डिंग वॉकर, कमोड खुर्ची, गुडघ्याचा किंवा कमरेचा पट्टा असं काहीतरी घ्यायचं आणि पैसे आल्यापासून ३० दिवसांत बिल पोर्टलवर चढवायचं. पक्कं बिल घ्या. दुकानदार ‘कच्च्यात घ्या, शंभर कमी करतो’ म्हणतो, त्याला भुलू नका. अर्ज समाजकल्याणच्या सहायक आयुक्तांकडे.

राष्ट्रीय वयोश्री योजना केंद्राची आहे. वय ६० पुरे, दारिद्र्यरेषेखालचं कार्ड किंवा महिन्याचं उत्पन्न १५,००० पर्यंत. साहित्य मोफत, पण शिबिर लागेल तेव्हा. कृत्रिम अवयव बनवणारी केंद्र सरकारची कंपनी, अ‍ॅलिम्को, आधी मोजमाप घेते आणि नंतर वाटप करते. मोजमापाला गेला नाहीत तर वाटपाला जाऊन उपयोग नाही.

दिव्यांगांसाठी केंद्राची एडिप ही साहित्य देणारी योजना. महिन्याचं उत्पन्न २२,५०० पर्यंत असेल तर साहित्याची पूर्ण किंमत सरकारची. २२,५०१ ते ३०,००० असेल तर निम्मी तुमची, निम्मी सरकारची. माणूस दुसऱ्यावर अवलंबून असेल तर आई-वडिलांचं किंवा पालकाचं उत्पन्न बघतात.

आता हे सगळे आकडे वर्षाच्या हिशोबात शेजारी मांडून बघा. २१,०००. ५०,०००. १ लाख ८० हजार. २ लाख. २ लाख ७० हजार. तेच घर, तेच म्हातारं माणूस, आणि गरिबीच्या पाच रेषा. टॉवेलच्या कारखान्यात महिना १२,००० मिळवणाऱ्या मुलाची आई पहिल्या दोन रेषांच्या बाहेर पडते आणि पुढच्या तिन्हींत बसते. तिला अनुदान मिळणार नाही. खुर्ची मात्र मिळेल.

आयुष्मान कार्ड आहे. त्यातून घरच्या नर्सचे पैसे मिळतील का?

नाही. ते दाखल होण्यासाठी आहे. ७० वर्षांपुढच्या सगळ्यांना ऑक्टोबर २०२४ पासून आयुष्मान वय वंदना कार्ड मिळतं. ही सहावी खिडकी म्हणा. इथे उत्पन्न विचारतच नाहीत. वर्षाला कुटुंबामागे ५ लाखांपर्यंतचे उपचार, आजीचं आणि आजोबांचं मिळून.

घरी येण्याशी याचा संबंध एवढाच: दाखल होण्याआधीचे ३ दिवस आणि सुटल्यानंतरचे १५ दिवस यांतली तपासणी-औषधं पॅकेजमध्ये धरलेली असतात. सुटी मिळते त्या दिवशी, घाईत असतानाही, ‘पंधरा दिवसांची औषधं द्या’ असं आरोग्यमित्राला, म्हणजे दवाखान्यात बसणाऱ्या योजनेच्या माणसाला, सांगा. मी आमच्या आईच्या वेळी हे विसरलो. एका खासगी दवाखान्यातून बाहेर पडल्यावर समोरच्याच मेडिकलमध्ये खिसा रिकामा केला. सांगणारं कुणी नव्हतं, आणि विचारायचं असतं हे मलाही ठाऊक नव्हतं.

मुलगा ३० वर्षांचा आहे, बुद्धीने लहान राहिला. आमच्यामागे त्याचं काय?

दोन गोष्टी करा, आणि तुम्ही धडधाकट असतानाच करा.

पहिली, निरामय आरोग्य विमा. १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्यातल्या चार अवस्थांसाठी तो आहे: स्वमग्नता, मेंदूचा पक्षाघात (सेरेब्रल पाल्सी), बौद्धिक दिव्यांगत्व आणि बहुविकलांगता. वर्षाला १ लाखापर्यंतचं संरक्षण, आधीची वैद्यकीय तपासणी नाही. दारिद्र्यरेषेखालच्या घराला नोंदणीचे २५०, वरच्याला ५००. दाखल न होता घेतलेले उपचार आणि नियमित थेरपी यांचेही पैसे ठरलेल्या मर्यादेत परत मिळतात. आधी खिशातून भरायचे आणि मग बिल लावायचं, म्हणून प्रत्येक पावतीवर मुलाचं नाव आणि तारीख बघून घ्या.

दुसरी, कायदेशीर पालक. १८ पूर्ण झाले की आई-वडील आपोआप पालक राहत नाहीत. बँक सहीसाठी अडवते तेव्हा हे कळतं. याच कायद्याखाली जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालची स्थानिक स्तर समिती पालक नेमते. त्यासाठी कोर्टात जावं लागत नाही.

एका घराचा हिशोब मांडून दाखवाल का?

समजा, आजी अंथरुणावर आहे, दिवसाला तीन डायपर लागतात, एक ३५ रुपयांना. दिवसाचे १०५, महिन्याचे ३,१५०. श्रावणबाळचे १५०० चौदा दिवसांत नुसत्या डायपरमध्ये संपतात. औषधं अजून आलेलीच नाहीत. दिवसभराला बाई ठेवायचा विचार तर सोडाच.

म्हणून बहुतेक घरं डायपर फक्त रात्री आणि बाहेर नेताना वापरतात. दिवसा मेणकापड, त्यावर सोलापुरी टॉवेल. कारखान्यातला सेकंड माल स्वस्त मिळतो. विणीत दोष असतो, पाणी शोषण्यात नाही. चादर घालू नका, ओली झाली की जड होते आणि सुरकुती पडून खाली रुतते. दर दोन तासांनी कुशी बदला. कमरेखाली, टाचेला, खांद्याच्या मागे कातडी लालसर दिसली आणि बोटाने दाबल्यावर पांढरी पडली नाही, तर ती शय्याव्रणाची सुरुवात. तेव्हाच हवेची गादी आणा. जखम झाल्यावर ड्रेसिंगचा खर्च गादीला मागे टाकतो.

सून दिवसरात्र करते. तिला काही मिळतं का?

२०१६ च्या कायद्याच्या कलम २४ मध्ये, जास्त आधाराची गरज असलेल्या दिव्यांगांसाठी काळजीवाहकाचा भत्ता असा शब्दच आहे. केरळात ‘आश्वासकिरणम’ योजनेतून अंथरुणावरच्या माणसाला सांभाळणाऱ्याला महिना ६०० रुपये ठरवलेले आहेत. आपल्या तहसीलमध्ये मात्र सुनेच्या नावाने भरायचा असा फॉर्म मी अजून हातात घेतलेला नाही.

लाडकी बहीणचे १५०० तिला तिच्या निकषांवर मिळतात. सांभाळण्याशी त्यांचा संबंध नाही. पण ती स्वतः विधवा असून संजय गांधीचे १५०० घेत असेल, तर लाडकी बहीण मिळणार नाही.

ओट्यावर अर्ज घेऊन येणारी दहातली आठ माणसं सुना आणि मुली असतात. कपाळावर विडीच्या तंबाखूचा बारीक भुगा, हातात कागदांची पिशवी, आणि ‘लवकर करा, सासूबाई एकट्या आहेत.’ फॉर्मवर त्यांच्यासाठी रकाना नाही.

परदेशात म्हणे सरकार घरी माणूस पाठवतं?

पाठवतं, आणि हिशोबही घेतं. इंग्लंडमध्ये स्थानिक काउन्सिल ठरवते. शिल्लक २३,२५० पौंडांच्या वर असेल तर साधारणपणे सगळा खर्च तुमचा. १४,२५० च्या खाली असेल तर शिलकीला हात लावत नाहीत, फक्त उत्पन्नातून वाटा घेतात. सेवा घरीच घेत असाल तर राहतं घर हिशोबात धरत नाहीत. अमेरिकेत गरिबांसाठीच्या मेडिकेडमधून घरी मदतनीस मिळतो. पण ५५ वर्षांनंतर घेतलेल्या अशा सेवेचे पैसे माणूस गेल्यावर त्याच्या मालमत्तेतून वसूल करायचा कायदाही तिथे १९९३ पासून आहे. परदेशातल्या भाच्याने फोनवर सांगितलेलं अर्धंच असतं.

मुलगा कमावतो, पण एक रुपया देत नाही. काय करावं?

आई-वडील व ज्येष्ठ नागरिक यांचा चरितार्थ व कल्याण कायदा, २००७. अर्ज प्रांताकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांच्या न्यायाधिकरणाकडे. वकील लागत नाही, आणि कायदा वकिलाला उभं राहू देतही नाही. महिना १०,००० पर्यंतचा निर्वाह ठरवता येतो. मुलाला नोटीस बजावल्यापासून ९० दिवसांत निकाल द्यायचा, फार तर ३० दिवस वाढवून. मुलगीही यात मुलाइतकीच बांधील आहे, सज्ञान नातवंडंही. मूलबाळ नसेल तर ज्या नातेवाइकाला तुमची मालमत्ता मिळणार, तो बांधील.

घर मुलाच्या नावावर करणार असाल तर बक्षीसपत्रात ‘सांभाळ करण्याच्या अटीवर’ हे शब्द घाला. मग त्याने टाकून दिलं, तर कलम २३ खाली ते रद्द करून घेता येतं. अट लिहिलेली नसेल तर झगडा लांबतो.

अर्ज करायचा धीर होत नसेल तर आधी १४५६७ ला फोन करा, ज्येष्ठांची हेल्पलाइन आहे, फुकट. पुष्कळदा नोटिसीच्या नुसत्या बातमीनेच मुलगा दारात येतो.

आईचा अंगठा मशीनवर उमटत नाही. पैसे अडकलेत.

चाळीस वर्षं विडी वळली की बोटांच्या रेषा राहत नाहीत. आमच्या भागात हा रोजचा प्रश्न आहे. आधार केंद्रात बुबुळांचा ठसा अद्ययावत करून घ्या, मोबाईल नंबर जोडा, मग बँकेत ओटीपीवर काम होतं. केंद्रापर्यंत नेता येत नसेल तर आधारवाले घरी येतात, ७०० रुपये आकारून.

आणखी एक गोम: खात्याला आधार ‘जोडलंय’ म्हणजे अनुदान त्याच खात्यात येईल असं नाही. सरकारी पैसे थेट खात्यात यावेत (याला डीबीटी म्हणतात) म्हणून शेवटी ज्या बँकेत आधारची नोंद, म्हणजे सीडिंग केलं, तिथे पैसे जातात. ‘आलेच नाहीत’ म्हणणाऱ्या एका काकांचे सहा हप्ते त्यांच्याच दुसऱ्या, विसरलेल्या खात्यात सापडले. आणि नाव सगळीकडे एकसारखं करून घ्या. रेशनकार्डावर पुढे ‘बाई’ आहे, आधारवर नाही, एवढ्यावरून आमचा अर्ज परत आला होता. तेलुगू आडनावं तर तीन कागदांवर तीन तऱ्हेने लिहिलेली असतात.

आम्ही खेड्यात राहतो. तिथे वेगळं काही?

ग्रामपंचायतीने स्वतःच्या उत्पन्नातले ५ टक्के दिव्यांगांवर खर्च करायचे असतात, महापालिका-नगरपालिकांनाही तेच. ग्रामसभेत लेखी मागणी द्या आणि पोच घ्या. आशाताईंना घरात अंथरुणावर माणूस आहे हे सांगून ठेवा. ज्येष्ठांच्या राष्ट्रीय आरोग्य कार्यक्रमात घरी येऊन बघण्याची तरतूद आहे, पण तुमचं नाव त्यांच्या वहीत असेल तरच कुणी येईल.

माणूस गेल्यावर काय करायचं?

तलाठ्याला आणि तहसीलच्या संजय गांधी शाखेला मृत्यूचा दाखला द्या. नंतर एखादा हप्ता खात्यात आलाच तर काढू नका, वसुली लागते. गेलेला माणूस घरातला कर्ता असेल, वय १८ ते ५९ आणि घर दारिद्र्यरेषेखालच्या यादीत असेल, तर राष्ट्रीय कुटुंबलाभ योजनेचे एकरकमी २०,००० मिळतात. त्याचा फॉर्मही त्याच शाखेत. व्हीलचेअर, वॉकर भंगारात घालू नका. ओट्यावर आणून द्या. पुढच्या रविवारी कुणीतरी विचारत येतंच.